आमच्या बायकांचे उत्तर आम्ही का देतो?

२०१९ च्या डिसेंबरातली गोष्ट. नागरिकत्वाच्या कायद्यावरून देशभर मोर्चे निघत होते आणि आमच्या मोहल्ल्यात रोज नवी अफवा येत होती. आज म्हणे शाळेत येऊन कागद तपासणार, उद्या म्हणे रेशन कार्डावरची नावे काढणार. अशा दिवसांत एके दुपारी दोन मुली दारात आल्या. गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब, खांद्याला वजन-उंची मोजायच्या सामानाची पिशवी. घरात किती माणसे, पाणी कुठून येते, संडास आहे का, असे काही प्रश्न त्यांनी मला विचारले. ती उत्तरे मी दिली. मग त्यांतली एक म्हणाली, "आता घरातल्या बाईंशी बोलायचंय. एकट्यात."

'एकट्यात' हा शब्द ऐकला आणि माझे डोके फिरले. भाऊजान ट्रक घेऊन मुलखावर गेलेले, घरात भाभी आणि मी. म्हणालो, "काय विचारायचंय ते मला विचारा."

"दादा, हे त्यांनाच विचारावं लागतं."

"तीन मुलं आहेत. लिहून घ्या आणि जा."

तिने काही लिहिले नाही. "परत येऊ का?" एवढेच विचारले. मी नको म्हणालो आणि दार लावून घेतले.

मागे वळलो तर भाभी स्वयंपाकघराच्या चौकटीत उभ्या होत्या. "मेरेकू पूछने आई थी ना वो? पूछती तो बताती थी मैं. पाँच हुए मेरे. दो गए. तुम तीन बोल के भेज दिए."

मी शाळेत गणित शिकवतो. तीस वर्षे मुलांना बेरीज-वजाबाकी शिकवली आणि माझ्याच घरातली बेरीज मी चुकवली. एक मूल आठव्या दिवशी गेले होते, दुसरे सव्वा वर्षाचे होऊन जुलाबाने. दोघांच्या मातीला मी गेलो होतो. तरी मी 'तीन' म्हणालो, कारण पुरुषांच्या हिशेबात जिवंत तेवढीच मुले असतात. बाई सगळी मोजते.

हा लेख त्या दिवसाची कबुली आहे आणि एक भांडणही आहे. भांडण दोघांशी आहे. जे आमच्या बायकांच्या पोटावरून राजकारण करतात त्यांच्याशी, आणि त्या बायकांचे तोंड बंद ठेवून त्यांचे उत्तर स्वतः देणाऱ्या आम्हा पुरुषांशी.

ही पाहणी आहे तरी काय?

ज्या मुलींना मी घालवून दिले त्या 'राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणी'च्या होत्या. आपल्यातल्या शिकल्यासवरलेल्यांनाही हे नाव नीट माहीत नसते. या पाहणीच्या फेऱ्या १९९२-९३, १९९८-९९, २००५-०६, २०१५-१६ आणि २०१९-२१ अशा झाल्या. काम पाहते ती १९५६ साली स्थापन झालेली मुंबईची आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्था. तिचे आवार देवनारला, गोवंडी स्टेशनच्या बाजूला आहे. म्हणजे देशभरच्या मुस्लिम स्त्रीचा जननदर ज्या इमारतीत काढला जातो, ती इमारत गोवंडी-देवनारच्या आपल्या दाट वस्त्यांच्याच परिसरात उभी आहे. आपल्यातले कितीजण त्या फाटकाच्या आत गेले?

जनगणनेत प्रत्येक माणूस मोजतात. पाहणीत निवडक घरे घेतात. पण ती निवड शास्त्राने ठरलेली असते. पाहणी करणाऱ्याला मनाला येईल ते घर घेता येत नाही, आणि एक घर चुकले म्हणून शेजारचे घेता येत नाही. म्हणून मी दार लावले तेव्हा माझ्या घराची जागा दुसऱ्या कोणी भरली नाही. ती रिकामी राहिली. पाचव्या फेरीत ६,३६,६९९ कुटुंबे आणि ७,२४,११५ स्त्रिया यांची माहिती घेतली गेली. त्यांत माझी भाभी नाही.

बाईला विचारतात ते असे: आजवर किती बाळंतपणे झाली? प्रत्येक मूल कधी जन्मले? मुलगा की मुलगी? जिवंत आहे का? नसेल तर किती दिवसांचे, किती महिन्यांचे होऊन गेले? या एका यादीतून दोन गोष्टी निघतात. एक, जननदर: आज वेगवेगळ्या वयाच्या बायकांना ज्या प्रमाणात मुले होत आहेत तेच प्रमाण राहिले तर एका बाईला जन्मभरात सरासरी किती मुले होतील. दुसरी, बालमृत्यूचे प्रमाण. आपण पहिल्या आकड्यावर भांडतो. दुसऱ्याची आपल्याला आठवणही नसते. यादी मात्र एकच असते आणि ती बाईच सांगू शकते.

आणखी एक. सगळीकडे तेच प्रश्न त्याच क्रमाने विचारले तरच एका ठिकाणचा आकडा दुसरीकडच्या आकड्याशेजारी ठेवता येतो. १९७२ साली जागतिक जनन पाहणी सुरू झाली ती यासाठीच. पुढे १९८४ पासून अमेरिकी सरकारच्या पैशाने नव्वदहून अधिक देशांत अशा पाहण्या झाल्या आणि आपली पाहणीही त्याच पठडीत घडली. २०२५ च्या सुरुवातीला अमेरिकेने परदेशी मदतीवर कुऱ्हाड चालवली तेव्हा तो कार्यक्रम ठप्प झाला. अर्ध्यावर राहिलेल्या काही पाहण्यांसाठी मग खासगी देणगीतून तात्पुरता पैसा उभा करावा लागला. म्हणजे मोजणी ही काही आपोआप चालणारी गोष्ट नाही. ती बंद पडू शकते, पाडली जाऊ शकते. मोजणी बंद पडली की शिल्लक राहते ती अफवा, आणि अफवेच्या बाजारात आपला भाव नेहमीच पडलेला असतो.

छत्तीस टक्क्यांची गोष्ट

आता पहिले भांडण. सप्टेंबर २००४ मध्ये २००१ च्या जनगणनेचे धर्मवार आकडे बाहेर आले. १९९१ ते २००१ या दहा वर्षांत मुसलमानांची वाढ ३६ टक्के, असे मथळे झळकले. आधीच्या दशकापेक्षा वेग वाढला, अशी हाकाटी झाली. वास्तविक १९९१ साली जम्मू-काश्मीरमध्ये जनगणनाच झाली नव्हती, आणि १९८१ साली आसाममध्ये झाली नव्हती. म्हणजे १९९१ च्या बेरजेत काश्मीरचे मुसलमान धरलेच नव्हते आणि २००१ च्या बेरजेत ते होते. न मोजलेली माणसे दहा वर्षांनी मोजली आणि त्यांना 'वाढ' म्हटले! माझ्या सातवीच्या वर्गातल्या पोराने असे गणित केले असते तर मी त्याला बाकावर उभे केले असते. काही दिवसांतच जनगणना कार्यालयाने सुधारित आकडा दिला: सुमारे २९ टक्के, म्हणजे आधीच्या दशकापेक्षा कमी. पण ३६ चा आकडा पहिल्या पानावर आला होता, २९ चा आतल्या पानावर. आजही चहाच्या टपरीवर छत्तीसच ऐकू येतो.

वीस वर्षांनी, मे २०२४ मध्ये, ऐन लोकसभा निवडणुकीत पंतप्रधानांच्या आर्थिक सल्लागार परिषदेचा एक निबंध आला. १९५० ते २०१५ या काळात हिंदूंचा वाटा ७.८२ टक्क्यांनी घटला आणि मुसलमानांचा ४३.१५ टक्क्यांनी वाढला, असे वाहिन्यांवर दोन दिवस गाजले. ऐकणाऱ्याला वाटले, देशात आता त्रेचाळीस टक्के मुसलमान. मूळ आकडे असे: मुसलमानांचा वाटा ९.८४ वरून १४.०९ टक्क्यांवर गेला, हिंदूंचा ८४.६८ वरून ७८.०६ वर आला. म्हणजे एकीकडे सव्वाचार अंश वर, दुसरीकडे साडेसहा अंश खाली. लहान आकड्यात थोडी भर पडली तरी तिची टक्केवारी मोठी दिसते, हे दुकानदाराच्या पोरालाही कळते. आकडा खोटा नव्हता. तो कसा मांडला, यात सगळी मखलाशी होती.

ही खोड आजची नाही. १९०९ साली कलकत्त्याच्या यू. एन. मुखर्जी यांनी हिंदू ही मरणपंथाला लागलेली जमात आहे, अशी लेखमाला लिहिली. जनगणनेच्या आकड्यांवरून त्यात हिंदूंच्या अस्तित्वाची वर्षेही मोजली होती: ४२०. शंभराहून जास्त वर्षे उलटली. २०११ च्या जनगणनेत हिंदू ७९.८ टक्के आहेत, संख्येने ९६ कोटींवर. भीतीला मुदत लागत नाही, दर पिढीत ती नव्याने छापता येते. २००२ नंतर गुजरातच्या प्रचारातून देशभर पसरलेली 'हम पाँच, हमारे पच्चीस' ही आरोळी त्याच छापखान्यातली.

चार बायकांचेही तसेच. पाचव्या फेरीत विवाहित स्त्रियांना विचारले, तुमच्या नवऱ्याला आणखी बायको आहे का? 'आहे' म्हणणाऱ्या मुस्लिम स्त्रिया १.९ टक्के, हिंदू स्त्रिया १.३ टक्के. दोन्ही समाजांत शंभरात दोनच्या आत. शिवाय साधा हिशेब करा. चार बायका एका नवऱ्याच्या घरात असोत की चार घरांत, मुले बायकांना होतात. पुरुषाने एकाऐवजी चौघींशी निकाह लावला म्हणून समाजातल्या बायकांची संख्या वाढत नाही. बहुपत्नीत्व वाईटच आहे, पण ते त्या बायकांवरचा अन्याय म्हणून वाईट आहे. लोकसंख्येशी त्याची गाठ घालणाऱ्याला बायकांशीही देणेघेणे नाही आणि गणिताशीही नाही.

तक्ते काय सांगतात

पाहणीच्या पहिल्या फेरीत मुस्लिम स्त्रीचा जननदर ४.४ होता, हिंदू स्त्रीचा ३.३. दुसऱ्या फेरीत ३.६ आणि २.८. तिसऱ्या फेरीत ३.४ आणि २.६. चौथ्या फेरीत २.६ आणि २.१. पाचव्या फेरीत २.३६ आणि १.९४. तीस वर्षांच्या आत आपला दर जवळजवळ निम्म्यावर आला. दोघांमधले अंतर सव्वा अकराशे मैलांचे असल्यासारखे सांगितले जाते. ते १.१ वरून ०.४ वर आले आहे. आजचा मुस्लिम दर हा २००५-०६ च्या हिंदू दरापेक्षा कमी आहे. म्हणजे रस्ता तोच आहे. आपण त्यावर पंधरा वर्षे मागे चाललो आहोत, एवढेच.

मागे का? 'इस्लाम' असे एका शब्दात उत्तर देणाऱ्यांना तोच तक्ता आडवा करून वाचायला सांगा. पाचव्या फेरीत केरळातल्या मुस्लिम स्त्रीचा दर सव्वादोनच्या आसपास आहे आणि बिहारमधल्या हिंदू स्त्रीचा पावणेतीनच्या वर. मुस्लिमबहुल जम्मू-काश्मीरचा १.४, आणि आपल्या महाराष्ट्राचा १.७. देशभरच्या बायकांत शाळेचे तोंड न पाहिलेलीचा दर २.८ आणि बारावी वा पुढे शिकलेलीचा १.८, मग धर्म कोणताही असो. सरहद्दीपलीकडे पाहा. १९७५ च्या सुमारास बांगलादेशात बाईला सरासरी सहाहून जास्त मुले होत. २०११ च्या पाहणीत ती २.३ वर आली. पाकिस्तानात २०१७-१८ च्या पाहणीत ३.६. दोन्हीकडे कुराण तेच, नमाज तीच. फरक पडला तो बाईच्या दारापर्यंत दवाखान्याची कार्यकर्ती पोचली की नाही, मुलगी शाळेत टिकली की नाही, यामुळे. इराणचा दर तर मौलवींच्याच राज्यात दोन दशकांच्या आत सहाच्या वरून दोनवर उतरला.

पण इथे मला माझ्याच बाजूच्या वकिलांनाही थांबवायचे आहे. शिक्षण आणि गरिबी हिशेबात धरली की अंतर कमी होते, हे खरे. ते पूर्ण मिटते, असे मात्र तक्ते म्हणत नाहीत. थोडे अंतर उरते. ते का उरते, हे शोधायला हवे, आणि ते शोधायचे तर आपल्याच घरात पाहावे लागेल.

आमच्या घरातले

आता दुसरे भांडण. आपल्यातल्या तीन प्रकारच्या लोकांचा मला राग आहे. पहिल्या प्रकारात मी स्वतः मोडतो, म्हणून सुरुवात माझ्यापासून करायला हरकत नाही. हे दार लावणारे. बाईशी परक्याने बोलायचे नाही. तिची पाळी, तिचे बाळंतपण, तिचे गेलेले मूल ही घराण्याची अब्रू, आणि अब्रूचा कारभार पुरुषाकडे. वास्तविक त्या मुली बाईशी बाईनेच बोलावे म्हणून मुद्दाम पाठवलेल्या असतात.

दुसरे छाती फुगवणारे. संख्या हीच आपली ताकद, असे जलशात सांगणारे. अशा वक्त्याला विचारावे, जनाब, ही ताकद कोणाच्या हाडामांसातून येते? पाचव्या फेरीत देशातल्या १५ ते ४९ वयाच्या बायकांपैकी ५७ टक्क्यांच्या अंगात पुरेसे रक्त नव्हते. महाराष्ट्रात हे प्रमाण चौथ्या फेरीत ४८ टक्के होते, पाचव्या फेरीत ५४ झाले. कमी व्हायचे ते वाढले. आपल्या मोहल्ल्यातल्या बायका यातून सुटल्या असतील, असे मानायला काही कारण आहे का? तलाव गल्लीतली खाला जिना चढताना दोनदा बसते, तिला आपण 'उमर हो गई' म्हणतो. तिचे वय अडतीस आहे.

तिसरे आपले सुशिक्षित. हे सभेत उठून सांगतात, 'बघा, आमचाही जननदर घटतो आहे.' जणू शेजाऱ्याकडून चालचलणुकीचा दाखला मागायचा आहे. मला हे खटकते. बाईला मुले किती हवीत, हा प्रश्न शेजाऱ्याच्या भीतीने सुटणार नाही आणि त्याच्या समाधानासाठी सोडवायचाही नाही. तो तिच्या जिवाचा प्रश्न आहे. उद्या आपला दर दीडवर आला आणि तरीही बायका रक्ताविना पिवळ्या पडलेल्या राहिल्या, तर कसला विजय?

पाहणीत विचारतात, तुला आता मूल नको आहे किंवा थांबायचे आहे, मग काही साधन वापरतेस का? मुस्लिम जोडप्यांत दहापैकी सुमारे सहा जोडपी काही ना काही मार्ग वापरतात. 'हे लोक वापरतच नाहीत' हे म्हणणे इथेच संपते. पण ज्यांना थांबायचे आहे आणि साधन हाती नाही अशा बायका देशात सरासरी ९.४ टक्के आहेत, आणि आपल्यात त्याहून जास्त. हे आकडे मोठ्याने वाचा. याचा अर्थ असा की आपल्या शेजारच्या घरात एक बाई 'बस' म्हणते आहे आणि ते कोणी ऐकत नाही. ना सरकारी दवाखाना, ना तिचा नवरा.

मजहबचे कारण पुढे करणाऱ्यांनी निदान आपली किताबे तरी उघडावीत. अज्ल, म्हणजे गर्भ राहू नये म्हणून नवऱ्याने घ्यायची खबरदारी. ती पैगंबरांच्या काळात सहाबा करीत होते, ही गोष्ट हदीसमध्ये आहे. इमाम गझालींनी अकराव्या-बाराव्या शतकात ती जायज मानली, आणि बायकोचे आरोग्य व रूप टिकावे हे कारणही मान्य केले. १९२१ साली मुंबईत रघुनाथ धोंडो कर्व्यांनी संततिनियमनाचे केंद्र काढले तेव्हा त्यांना त्यांच्या समाजाने छळले. त्याच्या आठशे वर्षे आधी आपला एक आलिम याच विषयावर शांतपणे युक्तिवाद करीत बसला होता. तो वारसा आपण कुठे हरवला?

आणि पुरुषांनी आणखी एक आकडा पाठ करावा. देशात विवाहित स्त्रियांपैकी ३७.९ टक्के स्त्रियांचे ऑपरेशन झालेले आहे. नवऱ्याची नसबंदी झालेली आहे अशा फक्त ०.३ टक्के. हिंदू असो की मुसलमान, या बाबतीत पुरुषांची बिरादरी एकच.

आपल्याच चांगल्या गोष्टीही आपल्याला माहीत नसतात, कारण आपण तक्ते वाचत नाही. पाहणीच्या पहिल्या तीन फेऱ्यांत एक कोडे सापडले. मुसलमान जास्त गरीब, कमी शिकलेले, तरी त्यांची तान्ही मुले हिंदूंच्या मुलांपेक्षा कमी मरत होती. अभ्यासकांनी खणून काढले तेव्हा एक मोठे कारण निघाले ते संडासाचे. मुस्लिम घरांत उघड्यावर बसण्याची चाल कमी, आणि शेजारीपाजारीही तशीच घरे. त्यामुळे वस्तीतल्या सगळ्याच मुलांना जुलाबाचा धोका कमी. २००१ च्या जनगणनेत सहा वर्षांखालील मुलांत दर हजार मुलग्यांमागे मुस्लिम मुली ९५० होत्या, हिंदू मुली ९२५. आपण मुली पोटात मारत नाही, निदान कमी मारतो. या गोष्टी आपल्या किती जलशांत सांगितल्या गेल्या? आणि यावरून फुशारकी मारण्याआधी एवढे लक्षात ठेवा, हे कोडे सापडले ते हजारो बायकांनी आपल्या मेलेल्या मुलांची नोंद केली म्हणून. माझ्या भाभीसारख्यांची दारे बंद राहिली असती तर ते सापडलेच नसते.

भीती खरी आहे

कोणी म्हणेल, मास्तर, तुम्हाला बोलायला काय जाते? आमची भीती खोटी आहे का? नाही. ती खरी आहे आणि तिला तारखा आहेत. १९७६ च्या एप्रिलात दिल्लीत तुर्कमान गेटला घरे पाडली गेली आणि गोळीबार झाला, तेव्हा नसबंदीची सक्तीही जोरात होती. त्याच नोव्हेंबरात हरियाणातल्या उटावर या मेव मुसलमानांच्या गावाला पोलिसांनी वेढा घातला आणि पुरुषांना नसबंदीसाठी उचलून नेले. १९७६-७७ या एका वर्षात देशात ८२ लाखांवर नसबंद्या झाल्या. आपल्या महाराष्ट्राच्या विधिमंडळाने तर सक्तीच्या नसबंदीचे विधेयकच मंजूर केले होते. राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून ते कायदा झाले नाही. ज्या समाजाने हे पाहिले, आणि वर २०१९ चा हिवाळाही पाहिला, त्याने दारावरच्या टॅबकडे संशयाने पाहावे यात नवल नाही. हा संशय दूर करण्याची जबाबदारी सरकारची आहे आणि सरकारने ती पार पाडलेली नाही.

पाहणीतही खोट आहे. तक्त्यात 'मुस्लिम' म्हणून एकच ओळ असते. रत्नागिरीचा खलाशी, मालेगावचा यंत्रमागावरचा कामगार, बीडचा ऊसतोड्या, मुंबईतला व्यापारी, सगळे त्या एका ओळीत. बागवान, पिंजारी, कसाई, मोमीन यांच्या बायकांची प्रकृती वेगवेगळी कशी आहे, ते त्या ओळीतून कळत नाही. तिथे आपण भांडायला हवे. आमची ओळ फोडा, नमुना वाढवा, आमच्या जिल्ह्याचे वेगळे सांगा, अशी मागणी करायला हवी. पण ही मागणी दार उघडणाराच करू शकतो.

सच्चर समितीचा नोव्हेंबर २००६ चा अहवाल आपण उठता-बसता उद्धृत करतो. तो उभा कशावर होता? जनगणना, राष्ट्रीय नमुना पाहणी आणि हीच कुटुंब आरोग्य पाहणी. महाराष्ट्रात महमूदुर रहमान समिती २००८ साली नेमली, तिने २०१३ साली अहवाल दिला, त्यावर आरक्षणाची मागणी उभी राहिली. तिलाही आकड्यांचाच आधार होता. मोजणाऱ्याला घालवायचे आणि मोजणीतून निघालेला हक्क मागायचा, हे दोन्ही एकाच वेळी जमणार नाही.

आता जनगणना पुढे उभी आहे. २०२१ ची झालीच नाही. नवीसाठी १ मार्च २०२७ ही तारीख धरली आहे. पाहणीच्याही फेऱ्या होत राहतील. मोहल्ल्यात, मशिदीच्या आवारात, बचत गटात आधीच बोलून ठेवावे. जनगणना कोणती, पाहणी कोणती, नागरिकत्वाची चौकशी कोणती, हा फरक समजावून द्यावा. ओळखपत्र पाहावे, कोणाकडून आलात ते विचारावे. पाहणी सक्तीची नसते, कोणाही बाईला नकार देण्याचा हक्क आहे. पण तो नकार तिचा असावा. दिराचा, नवऱ्याचा, सासऱ्याचा नसावा.

मी त्या दिवशी भाभीला माफी मागितली नाही. आमच्यात तशी रीत नाही. संध्याकाळी एवढेच विचारले की त्या दोघांची नावे काय ठेवली होती. मोठ्याचे नाव मला आठवत होते. आठ दिवसांच्या बाळाचे नाव ठेवले होते हे मला माहीतच नव्हते. भाभींनी ते सांगितले आणि भाकरी थापायला बसल्या.

ते नाव कुठल्या तक्त्यात येणार नव्हते. तक्त्यात नावे नसतात. पण दोन मुले आली असती. पाच जन्म, दोन मृत्यू, एक जुलाबाने. एवढे सांगायला भाभी तयार होत्या, आणि मध्ये मी उभा होतो. पुढच्या वेळी त्या मुली आल्या तर दार मी उघडीन, पाणी देईन, आणि अंगणात जाऊन बसेन.